सिलिकॉन आणि त्यावरचा ऑक्साइड: पार्श्वभूमी

सिलिकॉन १८२४ मध्ये भुकटीच्या रूपात वेगळं झालं. स्फटिक हाती यायला १८५४ उजाडलं. हिऱ्याची रचना १९१३ मध्ये क्ष-किरणांनी उलगडली. पुढे सिलिकॉन आणि जर्मेनियम दोन्ही त्याच साच्यातले निघाले, म्हणजे सगळा खडा हे एकच सहसंयुज जाळं, शेजारचे अणू इलेक्ट्रॉन वाटून घेऊन एकमेकांना बांधलेले. इथवर वाद नाही.

वाद आहे तो इलेक्ट्रॉनिक्समध्ये सिलिकॉनपुढे जर्मेनियम का मागे पडलं याचा. १९४७ चा पहिला ट्रान्झिस्टर, म्हणजे विजेचा प्रवाह वाढवणारा किंवा चालू-बंद करणारा छोटा भाग, जर्मेनियमचा होता आणि ती निवड रास्तच होती. जर्मेनियम ९३८ अंश सेल्सिअसला वितळतं, सिलिकॉनला १,४१४ लागतात. शिवाय वितळलेलं सिलिकॉन मुशीलाच खातं. क्वार्ट्झची मूस घेतली तरी तिच्यातला ऑक्सिजन त्यात उतरतो. १९५४ मध्ये सिलिकॉनचा ट्रान्झिस्टर विक्रीला आला, त्याचं पहिलं गिऱ्हाईक लष्कर. तापलं की जर्मेनियममधून नको तितका प्रवाह झिरपतो, कारण तिथे इलेक्ट्रॉन सुटायला ०.६७ इलेक्ट्रॉन-व्होल्ट पुरतात, सिलिकॉनमध्ये १.१२ लागतात.

बहुतेक जण इथेच थांबतात, किंवा ‘वाळू स्वस्त म्हणून सिलिकॉन’ असं सांगून मोकळे होतात. वाळू स्वस्त आहे, शुद्ध सिलिकॉन नाही. त्यासाठी आधी ट्रायक्लोरोसिलेन करायचं, ते ३२ अंशांच्या आसपास उकळतं म्हणून ऊर्ध्वपातनाने गाळायचं आणि मग सुमारे १,१०० अंशांवर तापलेल्या बारीक कांड्यांवर त्यातून सिलिकॉन बसवायचं.

बाजी फिरवली ती ऑक्साइडने. १९५५ मध्ये अमेरिकेतल्या एका प्रयोगशाळेत भट्टीतल्या हायड्रोजनने अचानक पेट घेतला, त्यातून वाफ झाली आणि सिलिकॉनच्या चकतीवर काचेचा थर चढला. त्या थराखाली पृष्ठभाग शाबूत राहिला. सिलिकॉनचं वीजवहन बदलायला त्यात मिसळतात ते फॉस्फरस, बोरॉन त्यातून सहजी आत शिरेनात. थरात खिडक्या कोरल्या की हवे तिथेच शिरत. सिलिकॉन डायऑक्साइड स्वतःच एक जाळं आहे, शेजारच्या दोन सिलिकॉन अणूंना मधला एक ऑक्सिजन जोडतो, म्हणून तो टिकतो. जर्मेनियमचा ऑक्साइड पाण्यात विरघळतो. चकती धुतली की संपलं. १९५९ नंतरच्या सपाट चिपा याच थरावर उभ्या राहिल्या.

पुढे तोच थर अडचणीचा झाला. गेटखालचा, म्हणजे ट्रान्झिस्टरमधला प्रवाह चालू-बंद करणाऱ्या टोकाखालचा, ऑक्साइड १.२ नॅनोमीटरपर्यंत पातळ झाल्यावर इलेक्ट्रॉन त्यातून आरपार निसटू लागले. म्हणून २००७ पासून तिथे हाफ्नियम या धातूचा समावेश असलेला ऑक्साइड आला. मात्र तो थेट सिलिकॉनवर नीट जुळत नाही, त्यामुळे मध्ये सिलिकॉनच्या ऑक्साइडचा एक अगदी पातळ पदर अजूनही ठेवतात.