इताइपू धरण

ब्राझील व पॅराग्वाय यांच्या सीमेवर पाराना नदीवरील जलविद्युत् धरण. स्थापित क्षमता १४,००० मेगॅवॉट. मुख्य बांध पोकळ भारस्थायी (स्वतःच्या वजनाने पाण्याचा दाब पेलणाऱ्या) पद्धतीचा असून त्याची कमाल उंची १९६ मी. आहे. ग्वारानी या स्थानिक भाषेत ‘इता’ म्हणजे दगड. त्यावरून ‘नाद करणारा दगड’ असा नावाचा अर्थ सामान्यतः लावतात. या नावाचे खडकाळ बेट येथे नदीपात्रात होते.

धरणामागची प्रेरणा केवळ विजेची होती, असे एक मत आहे. तथापि १८७२ च्या तहाने सीमा ग्वाइरा धबधब्यांपर्यंत नदीतून व पुढे एका डोंगरधारेवरून ठरवली होती. धबधब्याजवळ ही धार नेमकी कोणती, यावर दोन्ही देशांचे एकमत नव्हते. १९६५ मध्ये ब्राझीलच्या सैनिकांनी तेथे तळ दिल्यावर वाद चिघळला. २२ जून १९६६ च्या इग्वासू करारपत्रात विजेची समान वाटणी मान्य झाली आणि वादग्रस्त पट्टा पुढे बहुतांशी जलाशयाखाली गेला. हे पाहता सीमावादाचा धागा अधिक बळकट वाटतो. प्रत्यक्ष धरणाविषयीचा तह २६ एप्रिल १९७३ चा आहे.

पॅराग्वायची वीज ५० हर्ट्झची (सेकंदाला ५० आवर्तनांची), ब्राझीलची ६० हर्ट्झची. पॅराग्वायने आपली वारंवारता बदलण्यास नकार दिल्याने २० पैकी १० जनित्रे एका व १० दुसऱ्या वारंवारतेची बसवली. प्रत्येकाची क्षमता ७०० मेगॅवॉटच. पण ५० हर्ट्झच्या जनित्राला ६६ चुंबकीय ध्रुव असून ते मिनिटाला सु. ९०·९ फेरे घेते, तर ६० हर्ट्झच्या जनित्राला ७८ ध्रुव असून त्याचे फेरे सु. ९२·३ होतात. न वापरलेला वाटा दुसऱ्या देशालाच द्यावा लागतो. त्यामुळे पॅराग्वायची शिल्लक ५० हर्ट्झची वीज फॉझ दो इग्वासू येथे एकदिश (एकाच दिशेने वाहणाऱ्या) प्रवाहात रूपांतरित करून ६०० किलोव्होल्टच्या मार्गांनी सु. ८०० किमी. दूर साऊँ पाउलूच्या बाजूला नेतात व तेथे ६० हर्ट्झची करतात.

ऑक्टोबर १९८२ मध्ये जलाशय अवघ्या १४ दिवसांत भरला आणि ग्वाइराचे धबधबे बुडाले. जगातील सर्वांत मोठ्या जलप्रपातांपैकी एकाची ही हानी भरून येणारी नव्हे. वीजनिर्मिती १९८४ मध्ये सुरू झाली. शेवटची दोन जनित्रे २००७ पर्यंत बसली. नदीकाठच्या आवा-ग्वारानी लोकांच्या वस्त्याही पाण्याखाली गेल्या. धरणाचे नाव मात्र त्यांच्याच भाषेतले आहे.