पर्जिंग की जळजळ? नवं सीरम लावल्यावर उठलेलं पुरळ कसं ओळखायचं

रेटिनॉल (व्हिटॅमिन ए चाच एक प्रकार; त्याच्या कुळाला रेटिनॉइड म्हणतात) सुरू करून दोन-अडीच आठवडे होतात आणि हनुवटीवर एकाच वेळी सहा-सात फोड उठतात. नाशिकच्या कॉलेज रोडवरच्या मेडिकलमध्ये विचारलं तर उत्तर येतं, "पर्जिंग आहे, लावत राहा." म्हणजे आत दडलेलं मुरूम एकदम वर येतंय. घरी आई म्हणते, "तुला सोसत नाहीये ते, टाकून दे." दोघांपैकी कुणाचंही म्हणणं खरं ठरू शकतं. मात्र चुकीचा सल्ला ऐकल्याची किंमत दोन्हीकडे सारखी नाही. पर्जिंग असताना थांबलात तर महिनाभराची मेहनत वाया जाते. जळजळ असताना लावत राहिलात तर आपल्या गव्हाळ-सावळ्या कातडीवर काळपट डाग पडतात, आणि ते जायला कित्येक महिने लागतात. म्हणून शंका असेल तेव्हा थांबणं स्वस्त पडतं.

आधी दोन्हींत आत काय घडतं ते बघू. मुरमाची सुरुवात आपल्याला दिसते त्याच्या बरीच आधी झालेली असते. रोमरंध्राच्या तोंडाशी तेल आणि मेलेल्या पेशींची बारीक गुठळी बसते. बोटाला लागत नाही, आरशात दिसत नाही. त्वचेच्या वरच्या थरातल्या पेशी तळातून वर येऊन झडायला तरुणपणी साधारण २८ दिवस लागतात, चाळिशीनंतर त्याहून जास्त. रेटिनॉइड ही चाल वाढवतं, तर ग्लायकोलिक आणि सॅलिसिलिक अ‍ॅसिड मेलेल्या पेशी लवकर सुटायला लावतात. मग पुढच्या दीड-दोन महिन्यांत एकेक करून वर आल्या असत्या त्या गुठळ्या एकदम वर येतात. हे पर्जिंग. नवं काही तयार होत नसतं, जुनंच लवकर बाहेर पडतं.

जळजळीचं याच्या उलट आहे. त्वचेचा सगळ्यात वरचा थर विटांच्या भिंतीसारखा असतो. पेशी म्हणजे विटा आणि सेरामाइड, कोलेस्टेरॉल, फॅटी अ‍ॅसिड यांचा मसाला म्हणजे सिमेंट. अ‍ॅसिड किंवा रेटिनॉल झेपेल त्याहून जास्त झालं की हा मसाला विरळ होतो. आतलं पाणी उडून जातं, बाहेरचं साबण, घाम, धूळ आत शिरतं आणि त्वचा सुजून उठते. हे नवं नुकसान आहे. ते लावत राहिल्यानं संपत नाही, वाढतं.

ओळखायची पहिली खूण जागा. पर्जिंग तिथेच होतं जिथे तुम्हाला एरवीही मुरूम येतात: कुणाला जबड्याच्या कडेला, कुणाला कपाळावर. ज्या गालावर आयुष्यात कधी फोड आला नाही तिथे अचानक पुरळ आलं, तर ते बहुधा पर्जिंग नाही. नाकपुड्यांचे कोपरे, ओठांचे कोपरे, पापण्यांखालची पातळ कातडी आणि मानेची बाजू इथे त्रास सुरू झाला तर संशय थेट जळजळीवर घ्या. क्रीम पसरताना या जागी ते साचतं आणि तिथली त्वचा सगळ्यात नाजूक असते.

दुसरी खूण स्पर्शाची, आणि ती सगळ्यात उपयोगाची आहे. पर्जिंगचे फोड दाबले तर दुखतात, पण आजूबाजूची त्वचा बरी असते. जळजळीत सगळा भाग बोलतो: तोंड धुतल्यावर ओढल्यासारखं होतं, घाम आला की चरचरतं, गरम चहाची वाफ लागली तरी झोंबतं. खात्री करायची तर रात्री कोमट पाण्यानं तोंड धुवा आणि बिनवासाचं, कसलंही ॲक्टिव्ह (रेटिनॉल, अ‍ॅसिड असा त्वचेवर काम करणारा घटक) नसलेलं साधं मॉइश्चरायझर लावा. तेच झोंबलं तर भिंतीला भेगा पडल्यात असं समजा. निरोगी त्वचेला साधं मॉइश्चरायझर झोंबत नाही. (ग्लायकोलिक लावल्यावर मिनिटभर हलकी चुरचुर होणं वेगळं. पाच मिनिटांनंतरही आग राहिली तर धुऊन टाका.)

रंगाबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण बहुतेक माहिती गोऱ्या कातडीवरून लिहिलेली असते आणि "लालसरपणा बघा" एवढंच सांगते. सावळ्या चेहऱ्यावर लाली लाल दिसतेच असं नाही. नाकाच्या बाजूला तांबूस-तपकिरी झाक येते, कधी जांभळट. ट्यूबलाइटच्या उजेडात ती सुटून जाते. सकाळी खिडकीपाशी उभं राहून गालाचा रंग कानामागच्या रंगाशी ताडून बघा, आणि हाताची मागची बाजू आधी गालाला, मग गळ्याला लावा. गाल जास्त गरम लागला तर आत दाह असू शकतो. आणखी एक फसवी खूण म्हणजे कपाळावर आलेली तुकतुकी. प्लास्टिकच्या कागदासारखी ताणलेली, तेलकट नसलेली ती चमक अनेकींना 'ग्लो' वाटते. ती अति घासलेल्या त्वचेची चमक असते.

वेळेचा हिशोबही धरा. आग-चुरचुर बहुतेकदा मिनिटांत किंवा दोन-चार दिवसांत सुरू होते. पर्जिंग पहिल्या ते तिसऱ्या आठवड्यात डोकं वर काढतं, चार ते सहा आठवड्यांत उतरायला लागतं, आणि रेटिनॉइडच्या बाबतीत कधी बारा आठवडेही घेतं. मात्र त्यातला एकेक फोड नेहमीपेक्षा लवकर पिकून बसतो. सहाव्या आठवड्यात फोड पहिल्यापेक्षा वाढत असतील, तर पर्जिंगचं नाव पुढे करून वाट बघत बसू नका. या दोघांच्या मधलीही एक अवस्था आहे: रेटिनॉइडच्या पहिल्या दोन-चार आठवड्यांत थोडी साल निघते, कोरडं वाटतं, पण आग नसते. तेव्हा बंद करायची गरज नाही. रोजच्या ऐवजी तिसऱ्या रात्री लावा, एवढं पुरतं.

बाटलीवरून लागणारा निकाल तर सोपा आहे. नायसिनामाइड, हायल्युरॉनिक अ‍ॅसिड, व्हिटॅमिन सी, सनस्क्रीन, मॉइश्चरायझर यांनी पेशींची झड म्हणावी तशी वाढत नाही. यांतल्या कशानं पुरळ आलं आणि कुणी पर्जिंग म्हटलं तर ते नाव चुकलंय. एकतर ते तुम्हाला लागलंय, नाहीतर त्यानं रंध्रं बुजतायत. बंद करा. खाज, सूज आणि एक ते तीन दिवसांनी उठणारे चट्टे असतील तर ती अ‍ॅलर्जी असू शकते, आणि अ‍ॅलर्जीत "कमी प्रमाणात लावून बघू" चालत नाही.

नाशिकमध्ये गोंधळात टाकणाऱ्या आणखी दोन-तीन गोष्टी आहेत. डिसेंबर-जानेवारीत निफाडकडून थंडीच्या बातम्या यायला लागतात तेव्हाची कोरडी हवा आणि एप्रिल-मेचं ऊन, दोन्ही त्वचेतलं पाणी शोषतात. जे रेटिनॉल सप्टेंबरमध्ये आठवड्यातून चारदा सोसत होतं तेच जानेवारीत आग करतं. बाटली तीच असते, हवा बदललेली असते. नवीन रेटिनॉइड सुरू करायचंच तर पावसाळ्याचा उत्तरार्ध बरा, असं आमचं मत आहे. दुसरी गोष्ट स्कार्फची. गाडीवर गंगापूर रोडहून सातपूरला जाताना डोळ्यांखालपासून हनुवटीपर्यंत घट्ट आवळलेला स्कार्फ, आत घाम, वर घर्षण. रात्री अ‍ॅसिड लावलेल्या गालावर दिवसभर हे चाललं की जबड्याच्या रेषेवर बारीक पुरळ येतं आणि दोष सीरमला जातो. सुती स्कार्फ घ्या, रोज धुवा, गाठ सैल ठेवा. तिसरी गोष्ट, पावसाळ्यात कपाळावर एकाच मापाचे, खाजणारे बारीक दाणे आले तर ते बुरशीचं असू शकतं. त्यावर मुरमाचं औषध चालत नाही.

आणि एक गोष्ट पर्जिंगच्या नावाखाली लपते तेव्हा फार नुकसान करते. गोरं करणारं म्हणून काउंटरवरून घेतलेल्या काही क्रीममध्ये हायड्रोक्विनोन (रंग फिकट करणारं औषध), ट्रेटिनॉइन (एक रेटिनॉइड) आणि मोमेटासोनसारखं स्टेरॉइड एकत्र असतं. लावलं की चेहरा आठवड्यात उजळतो, सोडलं की आग, लाली आणि फोड उसळतात. ते पर्जिंग नाही, स्टेरॉइड सुटल्याची प्रतिक्रिया आहे. मार्च २०१८ मध्ये त्वचेवर लावायची अनेक स्टेरॉइड शेड्यूल एच यादीत आणली गेली, म्हणजे ती डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकता येत नाहीत. तुमच्या ट्यूबवर शेवटी '-सोन' असलेलं नाव दिसलं तर स्वतःच एकदम बंदही करू नका, त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा.

मुळात हा प्रश्न उभा राहतो तो बहुतेकदा एकावर एक थर चढवल्यामुळे. शेल्फवरच्या सगळ्या बाटल्या ओळीनं मांडा आणि मागची बारीक अक्षरं वाचा. फेसवॉशमध्ये सॅलिसिलिक २ टक्के, टोनरमध्ये ग्लायकोलिक ७ टक्के, सकाळच्या सीरममध्ये व्हिटॅमिन सी १५ टक्के, रात्रीच्या क्रीममध्ये रेटिनॉल. वापरणारी म्हणते "मी फक्त रेटिनॉल लावते", आणि चेहऱ्यावर चार ॲक्टिव्ह असतात. मग आग झाली तर कुणाची, हे कुणालाच सांगता येत नाही. म्हणून एका वेळी एकच नवी बाटली, आणि दुसरीपर्यंत चार आठवडे. चेहऱ्याआधी जबड्याखाली रुपयाएवढ्या जागी सात दिवस लावून बघायचं.

एकत्र बसवायची पद्धत अशी. सकाळी व्हिटॅमिन सी किंवा नायसिनामाइड (दोन्ही एकत्रही चालतात, त्यांचं जमत नाही हा जुना समज आहे), त्यावर मॉइश्चरायझर, शेवटी एसपीएफ ३० किंवा जास्तीचं सनस्क्रीन: तर्जनी आणि मधलं बोट, दोन्हींवर मुळापासून टोकापर्यंत एकेक रेघ, एवढं चेहरा-मानेला. रात्री रेटिनॉल ०.१ ते ०.३ टक्के, तोंड धुतल्यावर १५-२० मिनिटं थांबून पूर्ण कोरड्या त्वचेवर, सगळ्या चेहऱ्याला मिळून वाटाण्याएवढं. नाजूक त्वचेनं खाली एक थर मॉइश्चरायझर, मग रेटिनॉल, वर पुन्हा मॉइश्चरायझर असं लावावं. सोमवारी आणि गुरुवारी रेटिनॉल, शनिवारी अ‍ॅसिड, उरलेल्या रात्री फक्त मॉइश्चरायझर. रेटिनॉल आणि अ‍ॅसिड एकाच रात्री नको. बेन्झॉइल पेरॉक्साइड २.५ टक्के वापरत असाल तर ते सकाळी लावा: ट्रेटिनॉइन त्यानं निकामी होतं (अ‍ॅडापलीन हे दुसरं रेटिनॉइड टिकतं), आणि उशीचे अभ्रे व टॉवेल पांढरे पडतात. ग्लायकोलिक सुरू असताना आणि बंद केल्यावरही आठवडाभर ऊन जास्त लागतं. द्राक्षबागेत खरड छाटणीच्या दिवसांत सकाळपासून उन्हात असणाऱ्यांनी ते तेवढे दिवस बाजूला ठेवावं. गरोदरपणात किंवा त्याची तयारी असताना कुठलंही रेटिनॉइड नको. अप्पर लिपला वॅक्स करायचं असेल तर आठवडाभर आधी रेटिनॉइड आणि अ‍ॅसिड थांबवा, नाहीतर वॅक्सबरोबर कातडीही निघते. घरात लग्न असेल तर शेवटच्या दोन महिन्यांत नवं काहीही सुरू करू नका.

निदान पर्जिंगचं झालं तर दिनक्रम आहे तसा ठेवा, ताकद वाढवू नका आणि फोड फोडू नका. दर रविवारी त्याच खिडकीपाशी, त्याच वेळी एक फोटो काढा. रोज आरशात बघून फरक कळत नाही, चार फोटो शेजारी ठेवले की कळतो.

जळजळ निघाली तर सगळी ॲक्टिव्ह त्याच दिवशी बंद, हळूहळू कमी करण्याची गरज नाही. सकाळी नुसतं पाणी, रात्री फेस न होणारं सौम्य क्लिन्झर, ओलसर चेहऱ्यावर ग्लिसरीन किंवा सेरामाइडचं मॉइश्चरायझर दिवसातून दोन-तीनदा, नाकाच्या कोपऱ्यांना पेट्रोलियम जेली, बाहेर जाताना झिंक ऑक्साइडचं सनस्क्रीन. या काळात बेसन-हळद, मुलतानी माती, लिंबू, वाफ, फेशियल, ब्लीच यांतलं काहीही नको. "घरचं आहे, काय होणार" म्हणून लावलेलं लिंबू उघड्या त्वचेवर अ‍ॅसिडच असतं, आणि त्याची टक्केवारी कुठे लिहिलेली नसते.

दोन ते चार आठवडे लागतात. साधं मॉइश्चरायझर सलग सात दिवस अजिबात झोंबलं नाही की पुन्हा सुरू करता येतं: एकच ॲक्टिव्ह, आधीपेक्षा कमी टक्केवारीचं, आठवड्यातून दोनदा, मॉइश्चरायझरवर. पाणी सुटणारे फोड, पापण्यांना सूज, मोठ्या दुखऱ्या गाठी किंवा दोन आठवडे सगळं थांबवूनही न उतरणारी आग असेल, तर नवी ट्यूब आणायच्या आधी त्वचारोगतज्ज्ञांकडे जा, आणि जाताना लावत असलेल्या सगळ्या बाटल्या पिशवीत घालून न्या. फेसवॉशसुद्धा.