कस्टम फर्मवेअर (आयफोन)

आयफोनसाठी ॲपलने दिलेल्या अधिकृत आयओएस फाइलमध्ये फेरफार करून बनवलेली फाइल म्हणजे कस्टम फर्मवेअर. जुने आयफोन जेलब्रेक करण्याचा, म्हणजे ॲपलने घातलेली बंधने काढण्याचा, हा एक प्रमुख मार्ग होता. मूळ फाइल आयपीएसडब्ल्यू प्रकारची, म्हणजे खरे तर साधी झिप. ती उलगडून त्यात सिडियासारखे (ॲपलच्या दुकानाबाहेरची ॲप मिळवून देणारे) ॲप घालायचे, ॲपलची डिजिटल स्वाक्षरी, म्हणजे फाइल अस्सल असल्याची खूण, तपासणारा भाग निकामी करायचा आणि पुन्हा बांधायची. मॅकवर हे काम पोनेजटूल (२००८) करत असे, विंडोजवर स्नोब्रीझ.

फाइल तयार झाली तरी फोन ती सहजी घेत नाही. सुरू होताना प्रत्येक टप्पा पुढच्याची स्वाक्षरी तपासतो आणि या साखळीची पहिली कडी चिपमध्येच कोरलेला बूटरॉम, म्हणजे फोन सुरू होताना सर्वांत आधी चालणारा कोड, असतो. तिथे चूक सापडली, तर कारखान्याबाहेर पडलेल्या फोनमध्ये ती दुरुस्त करता येत नाही. सगळी मदार यावरच. ऑक्टोबर २०१० मध्ये हॅकर जॉर्ज हॉट्झने आणलेल्या लाइमरेन या जेलब्रेकच्या साधनाने आयफोन ३जीएस आणि ४ मधली अशीच चूक वापरली.

फोन आधी डीएफयू स्थितीत, म्हणजे आयओएस सुरू न होता फोन संगणकाकडून फाइल घ्यायला तयार असतो त्या स्थितीत, नेत. तेव्हा पडदा पूर्ण काळा राहतो. केबलचे चित्र दिसले, तर ती रिकव्हरी स्थिती. मग बूटरॉममधली ती चूक वापरून तपासणी मोडत आणि आयट्यून्स या ॲपलच्या संगणकावरच्या प्रोग्राममध्ये शिफ्ट (मॅकवर ऑप्शन) दाबून रिस्टोअरवर (फोनमध्ये आयओएस नव्याने भरणे) क्लिक करून आपली फाइल निवडत. तपासणी मोडायची राहिली, तर १६०४ सारखी त्रुटी येई. नवख्यांचे बहुतेक रडगाणे इथलेच.

एवढा खटाटोप अनेकांनी केला तो बेसबँडसाठी. हा मोबाइल नेटवर्क सांभाळणारा वेगळा भाग. अधिकृत रिस्टोअर तोही अद्ययावत करतो, आणि सहसा तो मागे आणता येत नाही. फोन कोणत्याही कंपनीच्या सिमसाठी खुला करणारे, म्हणजे अनलॉक करणारे, अल्ट्रास्नो हे साधन ठरावीक बेसबँडवरच चाले. कस्टम फर्मवेअरमध्ये आयओएस नवी, बेसबँड जुना असा मेळ घालता येई. त्यामुळे परदेशातून आणलेला, एकाच कंपनीला बांधलेला फोन दुसऱ्या सिमवर चालू राही.

आयफोन ४एसच्या ए५ चिपच्या बूटरॉममधली अशी चूक बरीच वर्षे जाहीर झाली नाही आणि ही पद्धत मागे पडली. सप्टेंबर २०१९ मध्ये बूटरॉममधली चूक वापरणारे ‘चेकमेट’ आले. त्याने ए५ ते ए११, म्हणजे आयफोन ४एस ते आयफोन एक्स, एवढ्या फोनचा बूटरॉम उघडा पडला.