इंका साम्राज्यातील प्रांतांचा कारभार

दक्षिण अमेरिकेच्या अँडीज पर्वतराजीत भाषा, दैवते आणि हवामान यांत परस्परांहून भिन्न असलेल्या प्रदेशांवर सत्ता राखण्यासाठी इंका राजांनी उभारलेली व्यवस्था. राजधानी कुस्को. पाचाकुती (पारंपरिक कालगणनेनुसार राज्यारोहण १४३८), तुपाक युपांकी आणि वायना कापाक यांच्या काळात राज्य दक्षिण कोलंबियापासून मध्य चिलीपर्यंत पसरले.

सगळे प्रांत एकाच साच्यात बसवण्याचा हट्ट इंकांनी धरला नाही, हे या कारभाराचे खरे मर्म. किनाऱ्यावरच्या चिंचा या संपन्न प्रदेशाच्या अधिपतीचा मान त्यांनी राखला. १५३२ मध्ये काहामार्का येथे स्पॅनिशांच्या भेटीला गेलेला इंका राजा अताहुआल्पा याच्यासोबत तोही पालखीतून आला होता. उत्तर किनाऱ्यावरचे चिमू राज्य मात्र लढून जिंकले, तेव्हा तिथला राजा आणि निष्णात धातुकारागीर कुस्कोला हलवले. पाचाकामाक या किनाऱ्यावरील तीर्थक्षेत्राच्या कौल देणाऱ्या दैवताला धक्का न लावता त्याच्या शेजारी सूर्यमंदिर बांधले.

स्थानिक प्रमुख (कुराका) सहसा पदावर राहत, त्यांच्यावर इंका सुभेदार असे. प्रमुखांची मुले कुस्कोत शिकत. ती एका परीने ओलीसच होती. अनेक प्रांतांत कुटुंबांची मोजणी दहा, शंभर, हजार अशा गटांनी होई आणि ती गाठी मारलेल्या दोऱ्यांत (किपू) नोंदली जाई.

नाणे नव्हते, कर श्रमाच्या रूपाने घेत. या पाळीच्या वेठीला ‘मिता’ म्हणत. शेती, रस्ते, विणकाम, सैन्य अशा कामांवर आलेल्यांना राजाच्या नावाने जेवण आणि चिचा हे मक्याचे मद्य मिळे. वानुको पाम्पा या इंकांच्या प्रांतिक केंद्रातील सुमारे ५०० कोठारे, अफाट चौक आणि चिचाच्या रांजणांची असंख्य खापरे पाहिली की या जेवणावळी राज्यकारभाराचाच भाग होत्या, हे पटते.

पण म्हणून ही सत्ता केवळ उदार होती असे मानणे चूक ठरेल. बंडखोर किंवा उपयुक्त समाजांतील कुटुंबे (मितमाकुना) मूळ गावापासून दूर नेऊन वसवली जात. कोचाबांबा खोऱ्यातून वायना कापाकने मूळ रहिवासी हलवले आणि मका पिकवण्यासाठी निरनिराळ्या प्रदेशांतून सुमारे १४,००० माणसे आणली; त्यांपैकी काही कायमची, बाकीची पाळीने येणारी.

अशा दडपणाची किंमत स्पॅनिश आक्रमणात मोजावी लागली. इंकांच्या अमलाखालचे कान्यारी आणि वांका हे समाज आक्रमकांना मिळाले. हाउहा खोऱ्यातील वांका प्रमुखांनी स्पॅनिशांना काय काय पुरवले याचा हिशेब किपूवर ठेवला होता, आणि १५६१ मध्ये तोच त्यांनी लिमाच्या स्पॅनिश न्यायालयात पुरावा म्हणून मांडला.