टू बी ऑर नॉट टू बी (चित्रपट)

टू बी ऑर नॉट टू बी : दुसरे महायुद्ध ऐन भरात असताना, १९४२ साली प्रदर्शित झालेला अमेरिकन विनोदी चित्रपट. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिच. कृष्णधवल, ९९ मिनिटे. जर्मनांनी व्यापलेल्या वॉर्सातली एक नाटक कंपनी हेरगिरीचा ओ की ठो ठाऊक नसताना गेस्टापोला, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांना, कशी चकवते, याची ही कथा. या हेरांकडे भांडवल काय, तर रंगपटातल्या खोट्या दाढ्या, बंदी आलेल्या नाटकासाठी शिवलेले नाझी गणवेश आणि पाठांतराची सवय.

कंपनीचा प्रमुख नट योझेफ तुरा (जॅक बेनी) हॅम्लेट करतो. मराठी प्रेक्षकांना ‘नटसम्राट’मुळे परिचित असलेले ‘जगावं की मरावं’ हे स्वगत त्याने सुरू केले, की एक तरुण वैमानिक प्रेक्षागृहातून उठून चालू लागतो. तुराची पत्नी मारिया (कॅरोल लोम्बार्ड) हिने त्याला रंगपटात यायची तीच खूण दिलेली असते. तुराला मात्र बायकोपेक्षा, आपले स्वगत सोडून कोणी उठले याचेच दुःख जास्त. पुढे हाच वैमानिक लंडनहून परततो. पोलिश भूमिगतांची नावे-पत्ते घेऊन वॉर्सात आलेल्या प्रा. सिलेत्स्की या जर्मन हेराला रोखायचे असते आणि कंपनीला खऱ्या आयुष्यात सोंगे काढावी लागतात.

तुरा आधी सिलेत्स्कीसमोर गेस्टापोचा कर्नल एअरहार्ट होतो. लिहिलेले संवाद संपले, की मात्र त्याची गाडी अडते आणि ‘मला छळछावणीवाला एअरहार्ट म्हणतात तर!’ हे एकच वाक्य तो घोळवत बसतो. पुढे तो सिलेत्स्की बनून खऱ्या एअरहार्टला भेटतो, तेव्हा तो कर्नलही नेमके तेच वाक्य, तसेच हसत म्हणतो. म्हणजे तुराची भूमिका वठली होती! चित्रपटातला सर्वांत मार्मिक विनोद हाच म्हणावा लागेल. त्या भेटीतही तुराला राहवत नाही. ‘तो थोर नट तुरा’ कसा वाटला, हे तो विचारतोच. कर्नलचे उत्तर असे, की त्याने शेक्सपिअरचे जे केले, तेच आम्ही आता पोलंडचे करतो आहोत.

या वाक्यावरून वादळ उठले. पोलंडच्या यातना हा थट्टेचा विषय नव्हे, असे अनेक समीक्षकांचे म्हणणे होते. बर्लिनमध्ये ज्यू कुटुंबात जन्मलेल्या लुबिचने त्याला जाहीर उत्तर दिले : आपले नाझी चाबूक उगारणारे खलपुरुष नाहीत, छळ हा त्यांचा रोजचा धंदा झाला आहे आणि विक्रेत्याने पिशव्यांच्या खपाविषयी बोलावे तसे ते त्याविषयी बोलतात. चित्रपट पाहताना हे पटते; एअरहार्ट हास्यास्पद आहे, पण निरुपद्रवी नाही.

ग्रीनबर्ग (फेलिक्स ब्रेसार्ट) हा कंपनीतला भालाईत, म्हणजे भाला धरून नुसता उभा राहणारा किरकोळ नट. शेक्सपिअरच्या ‘मर्चंट ऑफ व्हेनिस’मधल्या शायलॉक या ज्यू सावकाराचे भाषण एकदा तरी आपल्या वाट्याला यावे, एवढीच त्याची इच्छा. ती पुरी होते, पण रंगमंचावर नव्हे. नाट्यगृहाच्या आवारात, जर्मन सैनिकांच्या गराड्यात, तोतया हिटलरसमोर. इथे हसू थांबते.

चित्रीकरण सुरू असतानाच, डिसेंबर १९४१ मध्ये पर्ल हार्बरवर हल्ला झाला. युद्धरोख्यांच्या प्रचारदौऱ्यावरून परतताना १६ जानेवारी १९४२ रोजी लोम्बार्ड विमान अपघातात गेली. तेव्हा ती ३३ वर्षांची होती. ‘विमानात काय होणार आहे?’ हा तिचा संवाद प्रदर्शनापूर्वी कापण्यात आला. मेल ब्रूक्सची भूमिका असलेली याची नवी आवृत्ती १९८३ साली आली.