सोन्यामागचे स्फटिक आणि चांदीवरचं गंधक

ओगाता कोरिन (१६५८–१७१६) या क्योतोच्या चित्रकाराने आयरिसच्या फुलांचे जे घडीचे पडदे रंगवले, त्यांत सोनं सोडलं तर रंग दोनच: निळा आणि हिरवा. पाणी नाही, काठ नाही, आकाश नाही. तरीही टोकियोच्या नेझू संग्रहालयातली ही सहा-सहा पटांची जोडी सपाट वाटत नाही. काही पाकळ्या गर्द आहेत, काही फिकट, आणि हा फरक पांढरा मिसळून आणलेला नाही. एकच दगड कुठे जाडसर कुटलाय, कुठे बारीक.

हा निळा दगड म्हणजे अ‍ॅझुराइट, तांब्याच्या खाणीत सापडणारं खनिज. त्याच्या जाड कणात शिरलेला प्रकाश आतून लांबचा प्रवास करतो. वाटेत तांबडा-पिवळा भाग शोषला जातो आणि बाहेर येतो तो गडद निळा. भुकटी बारीक असली की प्रकाशाला पावलोपावली नवा पृष्ठभाग लागतो. फार खोल न जाताच तो परत फिरतो, त्यामुळे पांढरेपणा वाढतो आणि निळा फिकट दिसतो. जपानी रंगविक्रेते आजही कणांच्या जाडीनुसार या भुकटीला क्रमांक देतात. क्रमांक जितका मोठा, तितका रंग फिका. ही भुकटी कागदावर धरून ठेवतो तो जनावरांच्या कातड्यापासून केलेला सरस. हिरवा रंग मॅलेकाइटचा, तोही तांब्याचाच. पण त्याची एक खोड आहे: शतकं उलटली की त्यातलं तांबं खालचा कागद तपकिरी आणि ठिसूळ करतं. जुन्या पडद्यांची डागडुजी करणाऱ्यांना याची चांगलीच धास्ती असते.

पडद्याचा सांगाडा म्हणजे हलक्या लाकडाची जाळी आणि तिच्यावर कागदाचे अनेक थर. पूर्वी पट चामड्याने किंवा दोरीने एकमेकांना बांधत आणि प्रत्येक पटाला वेगळी किनार असे, त्यामुळे चित्राचे तुकडे पडत. चौदाव्या शतकाच्या सुमारास कागदाच्या, आलटून पालटून गुंफलेल्या बिजागऱ्या आल्या. पट दोन्ही बाजूंना वळू लागले आणि एकच चित्र सहा पटांवर सलग पसरता आलं. माझ्या मते या कलेतला सगळ्यात मोठा शोध हाच, सोनं नंतर. घडी घातली की अख्खं चित्र जहाजातून नेता येई. जपानी सरदार ओदा नोबुनागाने ख्रिस्ती जेझुइट धर्मगुरू वालिन्यानोला दिलेले, अझुची किल्ल्याचं चित्र असलेले पडदे असेच निघाले. ते नेणारे चार जपानी तरुण वाटेत गोव्यात मुक्काम करून गेले आणि १५८५ मध्ये रोमला पोपपुढे हजर झाले. पुढे ते पडदे हरवले, आजवर सापडलेले नाहीत.

आता सोन्याकडे वळू. जपानमधला जवळपास सगळा सोन्याचा वर्ख कानाझावा शहरात तयार होतो. जाडी मिलीमीटरचा सुमारे दहा हजारावा भाग. खास तयार केलेल्या कागदांच्या थरांत ठेवून ठोकत ठोकत तो इतका पातळ करतात. चौकोनी पानं शेजारी शेजारी लावताना कडा किंचित एकमेकींवर येतात. तिथे सोनं दुप्पट होतं आणि पडद्यावर चौकटींची फिकी जाळी दिसते.

या जाळीवरूनच एक वाद पेटला. जपानमधल्या आतामी शहरात एमओए संग्रहालयात कोरिनचा तांबड्या-पांढऱ्या प्लमच्या बहराचा पडदा आहे, मधून काळी नदी वाहते. २००४ च्या सुमारास क्ष-किरण टाकून झालेल्या तपासणीतून निष्कर्ष निघाला, की मागचं सोनं वर्ख नसावं, कारण सोन्याचं प्रमाण फार कमी भरतं, आणि नदीत धातूच नाही. म्हणजे कोरिनने वर्खाची जाळी रंगवून भासवली होती, असंच ठरत होतं. कला-अभ्यासकांना हे पचणं अवघड गेलं.

काही वर्षांनी टोकियो विज्ञान विद्यापीठाचे इझुमी नाकाई आणि सहकाऱ्यांनी प्रश्न वेगळ्या बाजूने विचारला. सोनं किती, एवढंच न पाहता त्याचे स्फटिक कसे बसलेत हे त्यांनी तपासलं. सोनं ठोकून पातळ केलं की त्याचे सूक्ष्म स्फटिक एकाच दिशेने आडवे होतात. भुकटी सरसात कालवून फासली तर ते वाटेल तसे पडतात. क्ष-किरणांच्या विवर्तनात, म्हणजे स्फटिकांवर आदळून ते कसे विखुरतात त्यात, हा फरक लपत नाही. कोरिनच्या पडद्यावरचे स्फटिक ओळीत निघाले, जोडांवर सोनंही जास्त भरलं. म्हणजे वर्खच.

नदीतही चांदी सापडली, आणि तिच्याबरोबर गंधक. घरातली चांदीची निरांजनं ज्या कारणाने काळी पडतात, तेच इथे घडलेलं. फक्त इथे काळेपणा मुद्दाम आणलेला दिसतो: चांदीच्या वर्खावर पाण्याच्या वळणांच्या रेषा झाकून ठेवायच्या आणि उरलेल्या भागावर गंधक लावून तो काळा करायचा. कापडावर रंगाई करताना नक्षी झाकतात, तीच ही पद्धत. कोरिन किमोनोच्या व्यापाऱ्याच्या घरातला होता, त्यामुळे हे मला अगदी पटण्यासारखं वाटतं.

चांदीचं वागणं पुढच्या पिढीलाही ठाऊक होतं. कोरिनच्या आणखी एका पडद्यावर पवनदेव आणि वज्रदेव, म्हणजे वाऱ्याचा आणि गडगडाटाचा देव, सोन्यावर आहेत. त्याच पडद्याच्या पाठीवर चित्रकार साकाई होइत्सूने शंभरेक वर्षांनंतर चांदीचा वर्ख लावून पावसात वाकलेली उन्हाळी झाडं आणि वाऱ्यात हेलकावणारं शरदातलं गवत काढलं. वज्रदेवामागे पाऊस, पवनदेवामागे वारा. संवर्धनासाठी आता दोन्ही बाजू वेगळ्या केल्या आहेत आणि दोन्ही टोकियोच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत.