जीव पाण्यात जन्मला, पण कुठल्या पाण्यात?

जीवसृष्टीचा उगम पाण्यात झाला, यावर फारसे दुमत नाही. खरा वाद आहे तो समुद्र की डबके, असा. १८७१ साली डार्विनने हुकर या मित्राला लिहिलेल्या पत्रात समुद्र नव्हे, तर अमोनिया आणि फॉस्फेटचे क्षार असलेले कोमट डबके कल्पिले होते. पुढे रशियात ओपारिन (१९२४) आणि इंग्लंडात हाल्डेन (१९२९) यांनी निर्जीव रसायनांतूनच सेंद्रिय रेणू साचत गेले असावेत, असे मांडले. हाल्डेन यांच्या मते तो साठा समुद्रात झाला. हेच हाल्डेन नंतर भारतात स्थायिक झाले.

हे करून पाहिले स्टॅनली मिलरने, १९५२ मध्ये, शिकागोत हॅरल्ड युरी यांच्या हाताखाली. खालच्या चंबूत २०० मिलिलिटर पाणी उकळत ठेवायचे. त्याची वाफ वरच्या ५ लिटरच्या चंबूत मिथेन, अमोनिया, हायड्रोजनमध्ये मिसळायची, तिथे टंगस्टनच्या दोन टोकांमध्ये ठिणग्या पाडायच्या आणि थंड होऊन पाणी पुन्हा खाली आणायचे. आधी आतली हवा पूर्ण उपसावी लागे. प्राणवायू उरला तर स्फोटच. दुसऱ्या दिवशी पाणी गुलाबी झाले, आठवड्याने गडद लाल. जंतू वाढून घोटाळा होऊ नये म्हणून त्यात मर्क्युरिक क्लोराइड घातले. कागदावर पृथक्करण केल्यावर ग्लायसिन आणि अॅलनिन ही अमिनो आम्ले, म्हणजे प्रथिनांच्या साखळीतले दुवे, सापडली.

इथवर सगळे जमते. अडते पुढे. दोन अमिनो आम्ले जोडली जाताना पाण्याचा एक रेणू बाहेर पडतो. भोवती पाणीच पाणी असेल तर ही क्रिया उलटी फिरते आणि साखळी तुटते. म्हणजे जन्म देणारे पाणीच रेणू मोडतेही. ही अडचण फार मूलभूत आहे आणि शालेय पुस्तकांत ती यायलाच हवी.

१९७७ मध्ये गॅलापागोसजवळ सुमारे अडीच किलोमीटर खोल समुद्रतळावर उष्ण झरे सापडले आणि समुद्राची बाजू पुन्हा वर आली. पण दोन वर्षांनी सापडलेल्या काळ्या धुराड्यांचे, म्हणजे धुरासारखे काळे पाणी ओकणाऱ्या झऱ्यांचे, पाणी साडेतीनशे अंशांपलीकडचे. त्यात नाजूक रेणू टिकत नाहीत. २००० मध्ये अटलांटिकमध्ये ४० ते ९० अंशांचे अल्कधर्मी झरे मिळाले, ते अधिक पटण्याजोगे.

डबके मात्र आटते. आटताना रेणू दाटतात, जोडले जातात; पाऊस आला की पुन्हा मोकळे होऊन मिसळतात. राहिला जीवाला लागणाऱ्या फॉस्फेटचा प्रश्न: एरवी कॅल्शियम त्याला खडकात बांधून टाकते. सोडा-तळ्यांत, म्हणजे कार्बोनेटने भरलेल्या तळ्यांत, कॅल्शियम आधीच कार्बोनेटशी जोडले जाते, म्हणून फॉस्फेट पाण्यातच राहते. २०१९ मध्ये हा मुद्दा मांडला गेला तेव्हा अशा तळ्यांच्या उदाहरणांत आपल्या बुलढाण्याचे लोणारही होते.